‘दिग्दर्शन : पॉवेल आणि प्रेसबर्गर’ म्हणजे नेमकं काय?

‘द रेड शूज’ (1948) हा ब्रिटिश सिनेमा सुरू होताना पडद्यावर दोन नावं येतात: लेखन, निर्मिती, दिग्दर्शन, मायकेल पॉवेल आणि एमेरिक प्रेसबर्गर. त्यावरून एक समज रूढ झाला, की दोघं सेटवर शेजारी उभे राहून ‘अ‍ॅक्शन’ म्हणायचे. तसं नव्हतं. सेट पॉवेलचा. प्रेसबर्गर मुळात पटकथाकार. सिनेमांची मूळ कथा बहुतेक वेळा त्याचीच, शिवाय निर्मितीची बरीच जबाबदारी आणि संकलन-संगीतात बारीक लक्ष.

मग श्रेय एकत्र का? कारण त्यांनी मुद्दाम तसं ठरवलं होतं. सिनेमा कुणा एकाचा नसतो, यावर दोघांचं एकमत होतं. एकट्याने दिग्दर्शन प्रेसबर्गरने एकदाच केलं, 1953 मध्ये, आणि तो सिनेमा फारसा चालला नाही.

दुसरा, उलट्या टोकाचा समज मला जास्त खटकतो: प्रेसबर्गर फक्त पॉवेलचा ‘लेखनिक’ होता म्हणे! 1902 मध्ये हंगेरीतल्या मिश्कोल्त्समध्ये जन्मलेला हा ज्यू माणूस बर्लिनच्या ऊफा स्टुडिओत पटकथा लिहीत होता. 1933 मध्ये नाझी आले, तो पॅरिसला पळाला. 1935 मध्ये लंडन गाठलं, तिथे इंग्रजी शिकला आणि त्याच भाषेत लिहू लागला. ‘फॉर्टी-नाइन्थ पॅरलल’ या दोघांच्या सिनेमाच्या मूळ कथेसाठी मिळालेलं ऑस्कर एकट्या प्रेसबर्गरचं आहे, त्यात पॉवेलचा वाटा नाही.