डॉगवूड सावलीतून उन्हात का आले?

एप्रिलच्या अखेरीस न्यू जर्सीतल्या वस्त्यांमध्ये, ओकला पुरती पालवी फुटण्याआधीच, एका बुटक्या झाडाच्या आडव्या फांद्यांवर पांढरे थर दिसू लागतात. हेच इथले देशी डॉगवूड, कॉर्नस फ्लोरिडा. ज्यांना आपण पाकळ्या म्हणतो त्या बोगनवेलीसारखी छदे, म्हणजे फुलाभोवतीची रंगीत पाने असतात: चार छदे आणि प्रत्येकाच्या टोकाला तपकिरी, चुरगळल्यासारखी खाच. खरी फुले मधल्या पिवळसर-हिरव्या झुबक्यात असतात, इतकी बारीक की वाकून पाहावी लागतात.

हे झाड लावताना दोन उलट सल्ले ऐकू येतात. जुनी मंडळी सांगतात, हे जंगलातले झाड, मोठ्या झाडांच्या सावलीत लावा. आजचे रोपवाटिकावाले सांगतात, सकाळचे ऊन आणि मोकळी हवा द्या. दोघांचेही म्हणणे खरे आहे, आपापल्या काळापुरते.

अमेरिकेच्या मेन राज्याच्या दक्षिण टोकापासून उत्तर फ्लोरिडापर्यंत आणि पश्चिमेला टेक्सासपर्यंत हे झाड ओक आणि हिकरीच्या खाली वाढत आले. १८ व्या शतकात मार्क केट्सबी या इंग्रज निसर्ग-अभ्यासकाने त्याचे चित्र काढले. थॉमस जेफरसनने मॉन्टिसेलो या आपल्या घरी ते लावले. अमेरिकी यादवी युद्धाच्या काळात दक्षिणेत क्विनाइन मिळेना, तेव्हा याच्या सालीचा काढा तापावर दिला जाई. लाकडाला खरी मागणी मात्र कापडगिरण्यांची होती. लाकूड टणक, बारीक पोताचे, आणि घासून फुटण्याऐवजी गुळगुळीत होत जाणारे, म्हणून मागाचे धोटे त्याचे बनत. धोट्याने सूत तुटता कामा नये, हे गिरणगावात वाढलेल्या कुणालाही वेगळे सांगायला नको.

विसाव्या शतकात ते बागेचे झाड झाले. व्हर्जिनियाने १९१८ मध्ये त्याला राज्यफूल आणि १९५६ मध्ये राज्यवृक्ष केले. डोळा भरून, म्हणजे कलम करून तयार केलेल्या गुलाबी आणि मोठ्या छदांच्या जाती घरोघरी गेल्या. दुखणे इथूनच सुरू झाले, असे आमचे मत आहे. जंगलात ज्याच्या पायाशी पालापाचोळा असे, त्याला हिरवळीच्या मधोमध आणून बसवले. मुळे उथळ, त्यामुळे उन्हाळ्यात ती तापतात. गवत कापण्याचे यंत्र खोडाला घासते आणि त्या जखमेच्या कडेला पतंग अंडी घालतो. अळी सालीखाली पोखरत जाते, वरची फांदी सुकते, आणि मालकाला वाटते की पाणी कमी पडले.

त्यातच १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात पूर्व आणि पश्चिम अशा दोन्ही किनाऱ्यांवर जवळजवळ एकाच वेळी करपा हा बुरशीचा रोग दिसला. १९९१ मध्ये या बुरशीला डिस्कुला डिस्ट्रक्टिव्हा हे नाव मिळाले. ती बाहेरून, बहुधा आशियातून आली असावी, असे अभ्यासक मानतात. लक्षणे नीट ओळखावीत. पानावर जांभळ्या कडेचे तपकिरी डाग पडतात. मेलेली पाने हिवाळाभर फांदीला लोंबत राहतात. खालच्या फांद्या आधी वाळतात. मग खोडावर पानसोट, म्हणजे सरळ वर जाणारे कोवळे फुटवे येतात, आणि तेच सर्वांत घातक: रोग त्यांच्यातून थेट खोडात उतरतो, साल चहूबाजूंनी मरते आणि झाड जाते. थंड, ओल्या वसंतात आणि दाट सावलीत पान तासन्‌तास ओले राहते, त्यामुळे जे ठिकाण पूर्वी या झाडाचे माहेर होते तेच त्याला बाधू लागले. मेरीलँडमधल्या कॅटॉक्टिन डोंगरावरची बहुतेक डॉगवूड अशीच गेली. तिथेच तगून राहिलेल्या एका झाडापासून टेनेसी विद्यापीठाने ‘अपालाचियन स्प्रिंग’ ही करप्याला दाद न देणारी जात काढली.

न्यू जर्सीत रटगर्स विद्यापीठाच्या एल्विन ऑर्टन यांनी १९६० च्या दशकापासून देशी डॉगवूड आणि जपान-कोरियाकडचे कौसा यांचा संकर सुरू केला होता. कौसा काही आठवडे उशिरा, पानांनंतर फुलते आणि रोगाला बरेच टिकते. ‘स्टेलर’ मालिकेतल्या ‘ऑरोरा’, ‘स्टेलर पिंक’ या जाती त्यातून आल्या. त्या सुंदर आहेत, पण बहुतांशी वांझ, म्हणजे शरदात पक्ष्यांना लाल फळे नाहीत. पक्ष्यांसाठी झाड हवे असेल तर शुद्ध देशीच घ्यावे.

१९९० च्या दशकात भुरी, म्हणजे पानांवर पांढरी पूड आणणारी बुरशी आली. तिने झाड क्वचितच मरते, पण पाने वळतात, वाढ खुंटते. नत्राची खते दिली की लुसलुशीत फूट येते आणि भुरी तिच्यावरच आधी बसते. तिला दाद न देणारी ‘अपालाचियन स्नो’सारखी वाणेही टेनेसीचीच.

आजची लागवड या सगळ्यातून ठरली आहे. जागा सकाळच्या उन्हाची, दुपारच्या सावलीची. माती आम्लधर्मी, सामू (pH) ५.५ ते ६.५, निचरा चांगला. खड्डा हुंडीच्या (मुळांभोवतीच्या मातीच्या गोळ्याच्या) दुप्पट-तिप्पट रुंद, पण हुंडीच्या उंचीपेक्षा खोल नको. चिकणमातीत हुंडी ५ सेंमी वरच ठेवावी, कारण खोल गेलेले खोड कुजते. भोवती किमान एक मीटर गवत काढून ५ ते ८ सेंमी आच्छादन घालावे, खोडापासून चार बोटे लांब. पहिले दोन-तीन उन्हाळे पाऊस नसेल तर आठवड्याला साधारण २५ मिमी पाणी द्यावे, तेही बुंध्याशी. तुषार सिंचनाने पाने भिजली की करप्याचे बीजाणू पसरतात. वाळक्या फांद्या आणि पानसोट कोरड्या हिवाळ्यात काढावेत. मे ते सप्टेंबर पतंग फिरत असतात, तेव्हा ताजी जखम नको.

जंगलातले रोप उपटून आणू नये. पसरलेली मुळे तुटतात आणि रोगही सोबत येतो. बियांपासून करायचे तर सप्टेंबर-ऑक्टोबरात पिकलेल्या फळांचा गर धुऊन काढावा, बिया ओलसर वाळूत मिसळून ४-५ अंश सेल्सिअसला १०० ते १२० दिवस फ्रिजमध्ये ठेवाव्यात आणि वसंतात पेराव्यात. प्रत्येक रोप थोडे वेगळे निघते, आणि पहिली छदे दिसायला पाच-सात वर्षे लागतात.