नेव्हेया: स्वर्ग उलटा लिहिला आणि नाव हिट झालं

"मुलींची मॉडर्न नावं, अर्थासहित" अशा याद्या सगळीकडे फिरत असतात आणि त्यांच्यामागे एक गृहीत असतं, की आईबाप आधी अर्थ बघतात, तो आवडला की मगच नाव ठेवतात. हे तपासून बघायचं तर अमेरिकेतलं नेव्हेया हे नाव घ्यावं. ते कुठल्या धर्मग्रंथातून आलं नाही, पणजीकडून नाही की परभाषेतूनही नाही, सरळ बनवलेलं आहे. हेवन (Heaven) म्हणजे स्वर्ग, त्याचं इंग्रजी स्पेलिंग शेवटाकडून सुरुवातीकडे लिहायचं, झालं नेव्हेया (Nevaeh). एवढीच व्युत्पत्ती.

२००० साली पी.ओ.डी. या ख्रिश्चन रॉक बँडचा गायक सॉनी सँडोवल एमटीव्हीच्या 'क्रिब्ज' कार्यक्रमात दिसला, हा कार्यक्रम म्हणजे सेलिब्रिटींची घरं दाखवायचा, तिथे त्याने आपल्या तान्ह्या मुलीचं हे नाव आणि त्यामागची गंमत सांगितली. १९९९ मध्ये अख्ख्या अमेरिकेत या नावाच्या ८ मुली जन्मल्या होत्या. २००१ मध्ये आकडा हजारावर गेला आणि २००५ मध्ये ४,४५७, म्हणजे मुलींच्या नावांत थेट ७० वा नंबर. २०१० ला २५ वा.

हे आकडे इतके नेमके कसे मिळतात तर अमेरिकेत सोशल सिक्युरिटी कार्डाच्या अर्जांवरून सरकार १८८० पासूनच्या जन्मांची नावं मोजून जाहीर करतं, एखाद्या वर्षी ५ पेक्षा कमी बाळांना दिलेलं नाव तेवढं खासगीपणासाठी गाळतात. ही यादी नेटवर आणायची सुरुवात १९९७ मध्ये त्याच सोशल सिक्युरिटी खात्यातल्या मायकल शॅकलफर्ड नावाच्या अ‍ॅक्च्युअरीने (विमा-पेन्शनचे हिशेब करणारा गणिती) केली, कारण स्वतःच्या मायकल या अतिकॉमन नावाला तो वैतागला होता आणि बाळाला जरा वेगळं नाव हवं होतं. माझ्या मते सरकारी डेटाचा याहून भारी उपयोग क्वचितच कुणी केला असेल.

आता माझा आवडता भाग. २००३ मध्ये मॅथ्यू हान आणि अलेक्झांडर बेंटली यांनी या नावांच्या डेटाला जनुकशास्त्रातलं एक मॉडेल लावलं. मोटू किमुरा या जपानी शास्त्रज्ञाने १९६८ मध्ये मांडलं होतं की जनुकांमधले पुष्कळ बदल ना फायद्याचे असतात ना तोट्याचे, ते पिढ्यानपिढ्या निव्वळ योगायोगाने पसरतात किंवा नाहीसे होतात. हान-बेंटली म्हणाले, नावांचंही तसंच असलं तर? समजा एका डब्यात १००० चिठ्ठ्या आहेत, प्रत्येकीवर या पिढीतल्या एका बाळाचं नाव. पुढच्या पिढीचे आईबाप डोळे मिटून एक चिठ्ठी काढतात, नाव उतरवून घेतात आणि चिठ्ठी परत डब्यात टाकतात, असं १००० वेळा. अधूनमधून एखादा चिठ्ठी न काढता मनानेच नवीन नाव बनवतो. बाकी काही नाही, आवडनिवड नाही, अर्थ नाही, फॅशन नाही.

आता तुम्ही बनवलेलं नवं नाव डब्यात एकाच चिठ्ठीवर आहे. ते कुणीच न उचलण्याची शक्यता किती? एका खेपेला ते न निघण्याची शक्यता १००० पैकी ९९९. असं १००० वेळा, म्हणजे ०.९९९ चा हजारावा घात, उत्तर येतं ०.३७ च्या आसपास. म्हणजे ३७ टक्के नवी नावं पहिल्याच पिढीत खलास, आणि गंमत म्हणजे डब्यात १००० ऐवजी दहा लाख चिठ्ठ्या टाकल्या तरी हा आकडा जवळपास तोच राहतो, कारण तो १ भागिले e असतो (e म्हणजे २.७१८). दुसऱ्या पिढीपर्यंत ५३ टक्के नावं संपलेली असतात, तिसरीपर्यंत ६३, चौथीपर्यंत ६९. हे काढायचं सूत्र सोपं आहे: आतापर्यंत नाव संपण्याची शक्यता q असेल तर पुढच्या पिढीपर्यंतची शक्यता e चा (q वजा १) घात, आणि हे पुन्हा पुन्हा करत राहायचं. ज्यांना इथे झोप आली त्यांनी एवढंच धरून चालावं की बहुतेक नवी नावं काही चूक नसताना मरतात आणि जी थोडी जगतात त्यातली एखाद-दोन, तीही काही पराक्रम न करता, खूप मोठी होतात. असं मॉडेल कॉम्प्युटरवर चालवलं की मोजकी नावं प्रचंड कॉमन आणि ढीगभर नावं दुर्मिळ असं चित्र तयार होतं, आणि खऱ्या डेटातलं चित्र त्याच्याशी छान जुळतं.

पण नेव्हेया या डब्यात बसत नाही. नुसत्या योगायोगाने ८ चा आकडा पुढच्या फेरीत साधारण ८ च्या वर्गमुळाइतका हलतो, म्हणजे ३ ने इकडे किंवा तिकडे. ८ चे ११ होतील, ५ होतील, दोन वर्षांत हजार नाही होणार. कुणीतरी ढकललंय हे उघड आहे, तो धक्का टीव्हीचा. मात्र सेलिब्रिटी आपल्या मुलांना कायकाय नावं ठेवत असतात आणि त्यातली बरीचशी कुणी उचलत नाही, मग हेच का चाललं?

याचं उत्तर आवाजात आहे असं मला वाटतं. जोना बर्गर आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये दाखवलं की एखादं नाव पुढे वाढेल का हे त्याच्यातले ध्वनी आधीच्या काळात किती कानावर पडलेत यावरही ठरतं. २००५ च्या कतरिना वादळानंतर 'क' ने सुरू होणारी नावं सुमारे ९ टक्क्यांनी वाढली. वादळाचं नाव कुणी हौसेने ठेवत नाही, पण तो 'क' दिवसरात्र बातम्यांत ऐकून डोक्यात बसला. आता नेव्हेया म्हणून बघा: सगळा जोर मधल्या 'व्हे' वर आणि शेवट मोकळ्या स्वरावर. त्याच वर्षांत तिकडे एव्हा हे नाव दीडशेच्याही खालून पहिल्या दहात आलं, ऑलिव्हिया वर होतंच. 'ए', 'व्ह' आणि शेवटी 'आ' ही फॅशन आधीच सुरू होती, नेव्हेया तिच्यात बरोबर बसलं.

अर्थाची परीक्षाही डेटाच घेतो. हेवन हे सरळ नाव नेव्हेयाच्या आधीपासून वापरात होतं. स्वर्गच हवा असता तर तेवढं पुरेसं होतं, पण उलटं नाव त्याच्या कितीतरी पुढे गेलं. आणि त्याहून मजेशीर म्हणजे शेवटच्या ई आणि ए या अक्षरांची अदलाबदल झालेलं चुकीचं स्पेलिंगही (Neveah) पहिल्या हजारात पोचलं! ते उलटं वाचलं तर हेवनसुद्धा होत नाही. ज्या आईबापांनी ते लिहिलं त्यांनी नाव कानाने उचललं होतं, अर्थ असलाच तर पाठोपाठ आला. (आपल्याकडच्या अंकज्योतिषवाल्यांनी असल्या स्पेलिंगच्या चुकीचे वर पैसे घेतले असते.)

स्वर्ग उलटा केला म्हणजे नरक झाला, असा आक्षेपही या नावावर घेतात. यालाही जुना इतिहास आहे. १९८० च्या दशकात अमेरिकेत रॉकच्या रेकॉर्ड उलट्या वाजवल्या की सैतानाचे संदेश ऐकू येतात आणि ते पोरांच्या मनात नकळत घुसतात अशी भीती पसरली होती. कॅनडातल्या लेथब्रिज विद्यापीठात जॉन व्होकी आणि डॉन रीड यांनी १९८५ मध्ये लोकांना उलटी वाक्यं ऐकवली, बोलणारा बाई की पुरुष हे लोकांना कळलं, पण वाक्य धार्मिक आहे, सैतानी आहे की जाहिरातीचं हे ते अंदाजपंचेच सांगत होते. आणि नेव्हेया तर ध्वनीने उलटं नाहीच, फक्त अक्षरं उलटी आहेत: हेवनमधला ऱ्हस्व 'ए' इथे लांबला आणि शेवटी गेलेला 'ह' इंग्रजीत उच्चारतच नाहीत. सैतानालाही टेप उलटी फिरवून काही मिळणार नाही.

बर्गर आणि गाएल ल मेन्स यांनी २००९ मध्ये फ्रान्स आणि अमेरिकेतली शंभरहून जास्त वर्षांची नावं तपासली तेव्हा दिसलं की जी नावं झपाट्याने चढतात ती तितक्याच झपाट्याने टाकलीही जातात. आईबापांना अशी नावं चार दिवसांच्या फॅशनची वाटायला लागतात. नेव्हेयाही २०१० नंतर उतरणीला लागलं. आणि तसंही २००५ च्या त्या ४,४५७ मुली म्हणजे साधारण साडेचारशे मुलींमागे एकच, ७० वा नंबर एवढ्यावर मिळतो. असल्या नावांचा एक फायदा मात्र आहे, मायकल ऐकून माणसाच्या वयाचा काही पत्ता लागत नाही, पण नेव्हेया नावाची अमेरिकन पोरगी भेटली तर तिचा जन्म २००० च्या नंतरचा आहे यावर बिनधास्त पैज लावा.