नावांचे अर्थ तपासायची वेळ का आली

‘आरव म्हणजे शांत’ असं बहुतेक नावसंग्रह बिनदिक्कत सांगतात. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा. शांत असतो तो नीरव.

नावाचा अर्थ लावण्याची हौस प्राचीन आहे. एका शब्दाच्या दोन-तीन व्युत्पत्त्या शेजारी शेजारी देण्यात निरुक्तकारांना, म्हणजे वैदिक शब्दांची फोड करणाऱ्या प्राचीन पंडितांना, वावगं वाटत नसे. युरोपात चौथ्या शतकाच्या अखेरीस बायबलमधल्या हिब्रू नावांचा लॅटिन कोश झाला. त्यात मेरीचा एक अर्थ ‘समुद्राचा थेंब’ असा होता आणि नकला करताना ‘स्टिला’चं ‘स्टेला’ होऊन थेंबाचा तारा झाला, असं अभ्यासक मानतात. रूढ झाला तो ताराच.

आजच्या घोळाची मुळं मात्र बरीच अलीकडची आहेत. सेंट पीटर्सबर्गला १८५५ ते १८७५ या काळात निघालेल्या संस्कृत-जर्मन कोशाने एक शिस्त घातली: शब्द कोणत्या ग्रंथात आला तेही सांगायचं, आणि जो फक्त अमरकोशासारख्या देशी कोशांत मिळतो तो वेगळा दाखवायचा. १८९९च्या ऑक्सफर्डच्या संस्कृत-इंग्रजी कोशात याच कामासाठी ‘एल’ हे अक्षर आहे. एवढ्याशा खुणेवरून पंडितांत बराच वाद झाला. एका पक्षाचं म्हणणं, हे शब्द कोशकारांनी एकमेकांचे उचललेले, काही तर चुकीच्या वाचनातून जन्मलेले. त्यांना प्रमाण मानू नये. दुसरा पक्ष म्हणे, असंख्य हस्तलिखितं अजून छापायचीच आहेत, मग ‘वापर नाही’ हे ठरवायचं कोणी? पुढे नवे ग्रंथ छापले गेले तसे त्यांतले काही शब्द खरोखर वापरात सापडले, म्हणजे दुसऱ्या पक्षात दम होता. तरीही खूण ठेवली हे उत्तम झालं. निदान वाचणाऱ्याला कळत होतं की पाय कुठे जपून टाकायचा.

नावांच्या छापील पुस्तिकांनी अर्थ घेतले आणि खुणा गाळल्या. एका शब्दाच्या आठ अर्थांतला गोड तेवढा निवडला, बाकीचे सोडले. ‘अंश’ म्हणजे भाग आणि ‘अंशु’ म्हणजे किरण हा फरकही असाच बुजला. म्हणून ‘-अंश’ जोडलेली कितीतरी नावं आज किरण होऊन बसली आहेत.

हे फक्त संस्कृताचं दुखणं नाही. व्हॅनेसा हे नाव एका आयरिश लेखकाने मैत्रिणीच्या नाव-आडनावातली अक्षरं जुळवून बनवलं. ते १७२६ साली कवितेतून छापलं गेलं. फुलपाखरांच्या एका प्रजातिगटाला ते १८०७ साली दिलं गेलं. आता याद्या सांगतात, व्हॅनेसा म्हणजे ग्रीकमध्ये फुलपाखरू! पणतू आधी, पणजोबा नंतर.

इंटरनेटवर याद्या आल्यावर नक्कल फुकट झाली. कोणीही नाव घालावं, मूळ ‘संस्कृत’ लिहावं, आणि दहा ठिकाणी तेच दिसलं की ते खरं ठरावं. गंमत म्हणजे त्याच सुमारास जुने संस्कृत कोश खुणांसकट ऑनलाइन आले. त्यामुळे पडताळणी आता घरबसल्या होते: कोशात शब्द आहे का, त्यापुढे ग्रंथाचं नाव आहे की नुसतं ‘एल’, आणि नाव म्हणून त्याचा सर्वांत जुना लेखी वापर कोणता. चॅटबॉटला विचारलं तर तो बहुधा याद्यांतलाच अर्थ सांगतो, कारण वाचायला त्याला याद्याच जास्त मिळाल्या आहेत.