कोरेगाव भीमा : जिंकलं कोण, आणि कधी?

दर डिसेंबरच्या अखेरीस समाजमाध्यमांवर तोच वाद नव्याने पेटतो. १ जानेवारी १८१८ ला पुण्याजवळच्या कोरेगावात इंग्रजांच्या ईस्ट इंडिया कंपनीची तुकडी आणि पेशव्यांची फौज यांच्यात झालेल्या लढाईत नेमकं कोण जिंकलं? एक बाजू कंपनीकडचे '५०० महार विरुद्ध पेशव्यांचे २८ हजार' असा आकडा फेकते. दुसरी म्हणते, इंग्रज मागे फिरले, मग विजय कसला? दोन्हीकडे थोडं थोडं खरं आहे. मात्र एका संध्याकाळी ठरलेला निकाल असं समजून विजयाकडे पाहिलं, तर त्या लढाईच्या स्मरणार्थ उभारलेल्या स्तंभाचा इतिहास हाती लागत नाही.

आधी त्या दिवसाचं. ५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीला पेशव्यांच्या फौजेला माघार घ्यावी लागली. त्याच महिन्यात पुणं हातचं गेलं आणि १७ नोव्हेंबरला शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण लागलं. दुसरा बाजीराव फौज घेऊन फिरत होता आणि इंग्रजांचा जनरल स्मिथ त्याच्या मागावर होता. डिसेंबरच्या अखेरीस बाजीराव पुन्हा पुण्याच्या रोखाने वळला, तेव्हा पुण्यात असलेल्या कर्नल बर यांनी शिरूरहून कुमक मागवली. ३१ डिसेंबरच्या रात्री कॅप्टन स्टॉन्टन शिरूरहून निघाला. बरोबर मुंबई नेटिव्ह इन्फन्ट्रीच्या पहिल्या रेजिमेंटची दुसरी पलटण होती, सुमारे ५०० जणांची. शिवाय तीनशेच्या आसपास घोडेस्वार, दोन तोफा आणि त्या चालवणारे मद्रासचे २४ युरोपीय गोलंदाज. सगळे मिळून ८३४.

रात्रभर चालून ही तुकडी सकाळी भीमेच्या काठी आली, तर पलीकडे पेशव्यांची छावणी पसरलेली. २० हजार घोडदळ आणि ८ हजार पायदळ; २८ हजार हा आकडा इथला. पुढे जाणं शक्य नव्हतं आणि उघड्यावर थांबणं म्हणजे मरण, म्हणून स्टॉन्टन कोरेगावात शिरला. पेशव्यांकडून गावावर चालून गेलेली माणसं २ हजारांच्या आसपास होती. अरब आणि गोसावी शिपाई त्यांत पुढे होते. पेशवे स्वतः फुलगावच्या बाजूच्या टेकडीवरून लढाई पाहत होते, हुकूम त्यांचे सेनापती बापू गोखले यांचा चालत होता.

दुपारपासून रात्री नवापर्यंत गावातल्या गल्ल्यांत आणि घरांच्या भिंतींआडून लढाई झाली. नदी समोर वाहत होती, पण तिथवर जाता येत नसल्याने कंपनीच्या शिपायांना दिवसभर पाणी मिळालं नाही. एक तोफ अरबांनी काबीज केली, तोफखान्याचा लेफ्टनंट चिझम मारला गेला आणि त्याचं डोकं कापून नेलं. उरलेल्या गोलंदाजांत शरण जाण्याची भाषा सुरू झाली होती. जखमी होऊन पडलेला लेफ्टनंट पॅटिन्सन पुन्हा उठला आणि बंदुकीच्या दस्त्याने लढत त्याने तोफ परत मिळवली. तिथे चिझमचं बिनडोक्याचं प्रेत सापडलं, तेव्हा स्टॉन्टनने गोलंदाजांना सांगितलं की शत्रूच्या हाती लागलेल्या प्रत्येकाचं असंच होईल. शरण जाण्याचा विषय तिथेच संपला. २४ गोलंदाजांपैकी १२ मेले, ८ जखमी झाले. सगळ्या तुकडीची मोजदाद केली तेव्हा ८३४ पैकी २७५ जण मेलेले, जखमी किंवा बेपत्ता निघाले. पेशव्यांच्या बाजूची हानी ५०० ते ६०० धरली जाते, पण तो अंदाज आहे.

रात्री पेशव्यांच्या फौजेने गाव सोडलं. स्मिथ जवळ येत असल्याचं कळल्यावर बाजीराव दक्षिणेकडे निघून गेला. इकडे स्टॉन्टनही पुण्याला गेला नाही. दुसऱ्या रात्री जखमींना घेऊन शिरूरला परतला. तिथे मात्र तो नगारे वाजवत, निशाणं फडकावत शिरला. म्हणजे ज्या कामासाठी तो निघाला ते झालं नाही, आणि पेशव्यांनाही ती एवढीशी तुकडी कापता आली नाही. गाव शेवटी दोघांनीही सोडलं.

कंपनीने याचा विजय केला तो दगडावर. २६ मार्च १८२१ ला स्तंभाची पायाभरणी झाली आणि १८२२ मध्ये तो उभा राहिला. तोवर पेशवाई संपली होती. आष्टीला फेब्रुवारी १८१८ मध्ये बापू गोखले पडले, जूनमध्ये बाजीराव इंग्रज अधिकारी माल्कमच्या स्वाधीन झाला आणि वर्षाला ८ लाखांचं पेन्शन घेऊन बिठूरला गेला. मुंबईचा गव्हर्नर एल्फिन्स्टन होता, तोच पूर्वी पुण्याच्या दरबारातला रेसिडेंट, म्हणजे कंपनीचा प्रतिनिधी. युद्ध जिंकून झालेलं असल्याने त्यातल्या एका अडचणीच्या दिवसाला गौरवाची जागा देणं सोपं गेलं. स्तंभावरचा लेख नीट वाचला की ही सरकासरक दिसते. सुरुवात कोरेगावच्या 'बचावा'च्या स्मरणाने होते, आणि शेवटी तोच बचाव ब्रिटिश सैन्याच्या पूर्वेकडच्या सर्वांत अभिमानास्पद विजयांपैकी एक होऊन बसतो. मध्ये पेशव्यांचं 'सगळं' सैन्य चालून आल्याचंही कोरलेलं आहे. आकड्यांची अतिशयोक्ती व्हॉट्सॲपने सुरू केली असं मानणाऱ्यांनी हे जरूर वाचावं.

या जागेचा भूगोलही थोडा गमतीचा आहे. लढाई कोरेगावात झाली, तर स्तंभ भीमेच्या दुसऱ्या काठाला, पुणे-नगर रस्त्यालगत पेरण्याच्या हद्दीत आहे. आणि याच भीमेच्या उगमाशी, भीमाशंकराच्या देवळात, एक पोर्तुगीज घंटा टांगलेली आहे. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली तेव्हा तिथल्या चर्चमधल्या घंटा मराठ्यांनी आणल्या आणि देवळांत दिल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातली घंटा त्यांतलीच. विजयाची खूण जपायची ही मराठी रीत. कंपनीने आपली युरोपातली रीत चालवली आणि चौकोनी, टोकाला निमुळता होत जाणारा स्तंभ उभारून त्यावर मेलेल्यांची नावं कोरली. राणा कुंभाने चितोडला बांधलेला विजयस्तंभ त्याच्या आधी साडेतीन शतकांचा, पण त्यावर देवदेवता आहेत. कोरेगावच्या दगडावर साध्या शिपायांची नावं आहेत, आणि पुढचं सगळं त्यामुळेच घडलं.

स्तंभावर कंपनीच्या ४९ मृतांची नावं आहेत. त्यांपैकी २२ नावांचा शेवट 'नाक' असा होतो, म्हणजे ते महार. मराठे, राजपूत, मुसलमान आणि बेने इस्राएलही त्या पलटणीत होते. त्यामुळे '५०० महार' हा आकडा बरोबर नाही. तुकडीच्या पायदळात महार मोठ्या संख्येने होते, असं म्हणणं योग्य. कंपनीने ही नावं जात पाहून कोरली नव्हती. तिला आपल्या सैन्याची शिस्त आणि इमान मिरवायचं होतं. पण ज्यांची सावलीही पडू नये असं मानलं जात होतं, त्यांची नावं सरकारी खर्चाने, भर रस्त्यावर, साहेबाच्या लेखाखाली लागली.

पेशवाईत अस्पृश्यांचं काय होत होतं, हे इथे सांगावंच लागतं. नाहीतर हा स्तंभ कुणाला इतका का जवळचा वाटतो ते कळत नाही. गळ्यातलं मडकं आणि कमरेचा खराटा यांची आठवण दलित कुटुंबांत पिढ्यानपिढ्या सांगितली गेली. लेखी साक्षही आहे. फुल्यांच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ताबाई या १४ वर्षांच्या मांग मुलीचा निबंध १८५५ मध्ये 'ज्ञानोदय' या नियतकालिकात छापून आला. बाजीरावाच्या राज्यात मांग किंवा महार तालीमखान्यापुढून गेला तर त्याचं शीर कापून गुलटेकडीच्या मैदानात तलवारीचा दांडू आणि शिराचा चेंडू करून खेळत, असं ती लिहिते. तिच्या वस्तीत ती गोष्ट स्वतः पाहिलेली माणसं तेव्हा हयात असणार. पेशवाई बुडून जेमतेम ३७ वर्षं झाली होती.

तरीही स्तंभाला लगेच कुणी मानवंदना द्यायला गेलं नाही. पाऊण शतक तो मुख्यतः साहेबांचाच राहिला. त्याकडे नव्याने पाहण्याची निकड आली ती नोकरीमुळे. एकोणिसाव्या शतकात मुंबईच्या सैन्यात महारांची भरती चांगली होती. कोकणातल्या कित्येक घरांत सुभेदार, हवालदार, पेन्शनर होते, आणि पलटणीतल्या शाळेत पोरं शिकत होती. मग लॉर्ड रॉबर्ट्स सरसेनापती असतानाच्या काळात 'लढवय्या जाती' आणि 'बिगरलढवय्या जाती' अशी विभागणी जोरात आली आणि १८९२ च्या सुमारास महारांची भरती बंद झाली. बाबासाहेब आंबेडकरांचा जन्म १८९१ मध्ये महूच्या छावणीतला, वडील रामजी सुभेदार. ज्या वाटेने त्यांच्या घराला अक्षर आणि पगार मिळाला, ती वाट त्यांच्या जन्मानंतर लगेच बुजवली गेली.

लष्करातून निवृत्त झालेले गोपाळबाबा वलंगकर आणि त्यांच्यानंतर पुण्याचे शिवराम जानबा कांबळे यांनी सरकारकडे अर्ज सुरू केले. महारांना सैन्यात, पोलिसांत घ्या, ही मागणी. १९१० मध्ये कांबळ्यांचा अर्ज थेट ब्रिटिश सरकारातल्या भारतमंत्र्यांपर्यंत गेला. आम्ही लढवय्ये नाही म्हणता, मग कोरेगावच्या दगडावर कुणाची नावं आहेत? कांबळ्यांनी स्तंभाजवळ सभा घेतल्या त्या याच युक्तिवादासाठी. इंग्रजांना त्यांचाच विजय दाखवून त्यात आपला हिस्सा मागायचा. मला तरी या साऱ्या इतिहासात ही चाल सर्वांत हुशार वाटते. राज्यकर्त्याने स्वतःच्या कौतुकासाठी कोरलेला मजकूर प्रजेने पुरावा म्हणून त्याच्याच टेबलावर ठेवला.

१ जानेवारी १९२७ ला कांबळ्यांच्या निमंत्रणावरून बाबासाहेब कोरेगावला आले. त्या सभेतलं त्यांचं म्हणणं आजच्या दोन्ही बाजूंच्या घोषणांपेक्षा बरंच सावध होतं. महारांच्या मदतीने राज्य मिळवून इंग्रजांनी त्यांनाच बिगरलढवय्ये ठरवलं, ही कृतघ्नता आहे, असं त्यांनी सांगितलं. इंग्रजांच्या बाजूने लढणं ही काही मोठी अभिमानाची गोष्ट नव्हे, हेही ते म्हणाले. पण स्पृश्यांनी कुत्र्या-मांजरासारखं वागवलं, पोट भरायला दुसरं साधन ठेवलं नाही, म्हणून ही माणसं तिकडे गेली. भरतीवरची बंदी उठवण्यासाठी चळवळ करा, असा त्या भाषणाचा रोख होता. अडीच महिन्यांनी, २० मार्चला, महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्यायलं गेलं. कोरेगावात सरकारकडे हक्क मागितला होता, महाडला तो समाजाकडून घेतला गेला. त्या वर्षाच्या या दोन तारखा शेजारी ठेवून वाचायला हव्यात.

त्याआधी पहिल्या महायुद्धात भरती काही काळ पुन्हा सुरू झाली होती. १११ वी महार पलटण १९१७ मध्ये उभी राहिली आणि १९२१ मध्ये मोडलीही. युद्ध आलं की जात लढवय्यी होते, युद्ध संपलं की पुन्हा पूर्ववत. दुसऱ्या महायुद्धात, १ ऑक्टोबर १९४१ ला, महार रेजिमेंट स्थापन झाली आणि तिच्या बोधचिन्हावर कोरेगावचा स्तंभ आला. स्वातंत्र्यानंतर तो काढला गेला. स्वतंत्र देशाच्या सैन्याला कंपनीचा स्तंभ छातीवर नको वाटणं समजण्यासारखं आहे. पण बोधचिन्हावरून गेलेला स्तंभ १ जानेवारीला येणाऱ्या माणसांच्या मनातून गेला नाही, उलट वर्षागणिक गर्दी वाढली. निळे झेंडे, समता सैनिक दलाचं संचलन, छातीवर पदकं लावून आलेले रेजिमेंटचे निवृत्त जवान, पुस्तकांचे स्टॉल, कडेवर पोरं घेतलेल्या बाया. त्यांतल्या फार थोड्यांना स्टॉन्टनचं नाव ठाऊक असेल. ते कंपनीचा जय साजरा करायला येत नाहीत.

यावर ठरलेला आक्षेप असतो : परक्यांच्या विजयाचा उत्सव कसा करता? प्रश्न विचारायला हरकत नाही, पण तो सगळ्यांना सारखा विचारावा. शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण लावण्यात पुढे होते ते पेशव्यांच्याच जातीचे बाळाजीपंत नातू. कंपनीच्या फौजेत सगळ्या जातींचे शिपाई होते, आणि पेशव्यांच्या बाजूने कोरेगावात सर्वांत त्वेषाने लढले ते अरब. १८१८ मध्ये 'देश' या कल्पनेने कुणी बाजू निवडली नव्हती; पगार, वतन, धन्याचं मीठ यांवर बाजू ठरत. दुसरीकडे, ते शिपाई जातिअंताचा लढा म्हणून गावात शिरले असंही दाखवता येत नाही. पेशवाईबद्दल त्यांच्या मनात काय होतं याची एकही ओळ त्यांनी स्वतः लिहून ठेवलेली नाही. तो अर्थ त्यांच्या नातवंडा-पणतवंडांनी दिला, आणि द्यायचा त्यांना पूर्ण अधिकार होता. एल्फिन्स्टनच्या सरकारनेही तीन वर्षांनी आपल्याला हवा तो अर्थच दिला होता की.

२०१८ मध्ये लढाईला दोनशे वर्षं झाली आणि हे सगळे अर्थ एकमेकांवर आदळले. आदल्या आठवड्यात जवळच्या वढू बुद्रुकला संभाजी महाराजांचे अंत्यसंस्कार केले असं मानलं जातं त्या गोविंद गोपाळ यांच्या समाधीजवळच्या फलकावरून तणाव झाला. ३१ डिसेंबरला पुण्यात शनिवारवाड्यापुढे अनेक संघटनांची एल्गार परिषद भरली. १ जानेवारीला स्तंभाकडे येणाऱ्यांवर दगडफेक, गाड्यांची जाळपोळ झाली आणि एका तरुणाचा जीव गेला. ३ जानेवारीला महाराष्ट्र बंद झाला. पुढे पुणे पोलिसांनी परिषदेच्या तपासातून देशभरातल्या लेखक, वकील, कार्यकर्त्यांना अटक केली, जानेवारी २०२० मध्ये तो तपास राष्ट्रीय तपास यंत्रणेकडे गेला आणि तिने अटक केलेले फादर स्टॅन स्वामी जुलै २०२१ मध्ये कोठडीत असतानाच वारले. हिंसाचाराच्या चौकशीसाठी निवृत्त न्यायमूर्ती जे. एन. पटेल यांचा आयोग नेमला होता. त्याला मुदतवाढीमागून मुदतवाढ मिळत गेली. दरम्यान १ जानेवारीची तयारी प्रशासनाच्या नेहमीच्या कामांत जाऊन बसली आहे : नगर रस्त्यावरची वाहतूक वळवायची, वाहनतळ आणि जादा बसची सोय करायची, पाण्याचे टँकर लावायचे आणि मोठा बंदोबस्त ठेवायचा.