‘ड्रॅक्युलाचा ड्रेस आहे का?’ असा फोन करण्याआधी

एकांकिकांचा मोसम सुरू झाला की आमच्या ड्रेपरीत, म्हणजे नाटकाचे कपडे भाड्याने देणाऱ्या दुकानात, रोज एक तरी फोन येतो : “व्हॅम्पायरचा ड्रेस आहे ना? उद्या हवाय.” आहे. तीन मापांत आहे. काळा झगा, आतून लाल सॅटिन, उभी कॉलर, पांढरा शर्ट, जाकीट. तरी आम्ही लगेच “या, घेऊन जा” म्हणत नाही. नाटक कुठल्या देशात घडतं, कुठल्या काळात, आणि तुमचं भूत शेतकरी आहे की सरदार, हे आधी विचारतो. काही जणांना हा भोचकपणा वाटतो. “तुम्ही ड्रेस द्या, नाटक आम्ही बघतो,” असंही ऐकवलं जातं. आम्ही हे का विचारतो, ते एकदा सविस्तर सांगावं म्हणून हे पत्रक.

गेल्या मोसमात एका कॉलेजच्या ग्रुपने न विचारता दोन ‘ड्रॅक्युला सेट’ नेले. प्रयोगाच्या आदल्या रात्री साडेनऊला मुलं धापा टाकत परत आली. संहिता होती 1725 सालच्या सर्बियातल्या एका खेड्याची. रंगीत तालमीत शेतकऱ्याच्या घरात, चुलीपाशी, सॅटिनच्या अस्तराचा झगा उभा राहिला आणि पुढच्या रांगेतले लोक हसले. त्या रात्री आम्ही मांजरपाट चहाच्या पाण्यात बुडवला, वर मुलतानी माती चोळली, पंख्याखाली वाळवला आणि त्याचं कफन करून दिलं. प्रयोग झाला, पण पोरांची झोप गेली आणि आमचीही. ही एक चूक टळली तरी तुमचे दोन दिवस वाचतात.

ती संहिता खऱ्या घटनेवर होती. पासारोविट्झच्या 1718 च्या तहानंतर सर्बियाचा उत्तर भाग ऑस्ट्रियाच्या ताब्यात आला होता. तिथल्या किसिल्येवो गावात पेटार ब्लागोयेविच नावाचा शेतकरी वारला. दहा आठवडे उलटले आणि मग आठ दिवसांत गावातली नऊ माणसं दगावली, प्रत्येक जण एका दिवसाच्या आजारात. मरताना ती सांगत होती की पेटार झोपेत येतो, अंगावर पडतो आणि गळा दाबतो. गळा दाबतो, चावत नाही. गावकऱ्यांनी हट्ट धरल्यावर फ्रॉमबाल्ड नावाच्या सरकारी अधिकाऱ्यासमोर कबर उघडली गेली. त्याने लिहून ठेवलं की देह ताजा वाटत होता, केस-नखं वाढल्यासारखी दिसत होती, जुनी कातडी सुटून खाली नवी आली होती आणि तोंडात रक्त होतं. लोकांनी छातीत खुंटा ठोकला आणि प्रेत जाळलं. हा अहवाल त्याच वर्षी व्हिएन्नाच्या वर्तमानपत्रात छापून आला.

त्यातली एक ओळ आम्हा कपडेवाल्यांच्या मनात घर करून बसली आहे. पेटारच्या बायकोने सांगितलं की तो रात्री आला आणि त्याने आपल्या ‘ओपांची’ मागितल्या. ओपांची म्हणजे तिकडच्या शेतकऱ्यांच्या मऊ चामड्याच्या वहाणा. बाई ते गाव सोडून दुसरीकडे राहायला गेली. मेलेला नवरा दारात उभा राहून वहाणा मागतो, यापुढे आमच्या सगळ्या सॅटिनची काय मातब्बरी? आम्ही तशा दोन जोड चांभाराकडून मुद्दाम शिवून घेतले आहेत. सेटबरोबर मागा, वेगळं भाडं नाही.

रंगभूषेतही हाच घोळ होतो. सगळ्यांना चेहरा पांढराफटक हवा असतो. खेड्यातला व्हॅम्पायर पांढरा नव्हताच. तो फुगलेला, तांबूस-काळपट, रक्त पिऊन टम्म झाल्यासारखा दिसायचा. कारण साधं आहे. प्रेत कुजताना पोटात वायू साठतो, अंग फुगतं, आतला तांबडा द्रव तोंडा-नाकातून बाहेर येतो, वरची कातडी सुटते, आक्रसते आणि नखं लांब वाटू लागतात. प्रेत जमिनीत कसं बदलतं हे रोज कोण बघणार? गावात साथ आलेली, जो पहिला गेला त्याची कबर उघडायची आणि आत हे दिसायचं. भीतीने गारठलेल्या माणसांना मी तरी दोष देणार नाही. मेद्वेजा गावातल्या मृत्यूंबद्दल योहान फ्ल्युकिंगर या लष्करी वैद्याने 1732 च्या जानेवारीत असाच अहवाल दिला आणि त्यानंतर ‘व्हॅम्पायर’ हा शब्द युरोपभर पसरला. शेवटी 1755 मध्ये मारिया थेरेसा राणीने आपले वैद्य खेरार्ड फान स्वीटेन यांच्या सल्ल्यावरून कबरी उकरण्यावर बंदी घातली. तर अशा भूमिकेसाठी पांढरी पावडर नको. विटकरी बेस, डोळ्यांखाली जांभळा, पोटाला उशी आणि अंगावर कफन.

मग काळा झगा आला कुठून? रंगभूमीवरून. भुताला उमराव केलं ते 1819 साली पॉलिडोरी या इंग्रज डॉक्टरच्या कथेने. ब्रॅम स्टोकर यांची कादंबरी 1897 ची. तिच्यातला ड्रॅक्युला पहिल्या भेटीत लांब पांढऱ्या मिशांचा म्हातारा आहे आणि तो लंडनमध्ये भर दिवसाही हिंडतो. उन्हाने भूत मरतं ही गोष्ट 1922 च्या एका जर्मन चित्रपटाने रूढ केली. उंच उभी कॉलर आली ती 1924 च्या इंग्लंडमधल्या नाट्यप्रयोगातून, आणि तिला काम होतं. नट प्रेक्षकांकडे पाठ करायचा, कॉलरने डोकं झाकलं जायचं, तो रंगमंचाच्या फळीतल्या चोरदारातून खाली उतरायचा आणि झगा तेवढा मागे राहायचा. बेला लुगोसी या नटाने तो वेश आधी न्यूयॉर्कच्या रंगमंचावर आणि मग 1931 च्या चित्रपटात अजरामर केला, तोही सुळे न लावता. म्हणून सुळ्यांसाठी हट्ट धरणाऱ्यांना आम्ही हे आवर्जून सांगतो. सुळे लावून संवाद फुटतात, ‘स’ आणि ‘श’ ऐकू येत नाहीत. तरी हवेच असतील तर ते भाड्याने मिळत नाहीत, विकतच घ्यावे लागतात. एकाच्या तोंडातली वस्तू दुसऱ्याला देणं आम्हाला पटत नाही.

आता लांडगामाणूस, म्हणजे वेअरवुल्फ. यातला ‘वेअर’ म्हणजे जुन्या इंग्रजीत पुरुष. तो आपल्या संस्कृतातल्या ‘वीर’ शब्दाचा भाऊबंद, आणि ‘वुल्फ’ हा ‘वृक’चा. म्हणजे आपल्या भाषेत ‘वीरवृक’! या कथा आम्हाला जवळच्या वाटतात, कारण त्यांत सगळा खेळ कपड्यांचा असतो. पेट्रोनियस या रोमन लेखकाच्या गोष्टीत शिपाई चांदण्या रात्री कपडे उतरवतो आणि लांडगा होतो. त्याच्या कपड्यांचे दगड होतात. बाराव्या शतकातल्या मारी द फ्रान्स हिच्या काव्यकथेत बायको नवऱ्याचे कपडे लपवते, त्यामुळे तो लांडगाच राहतो. ते परत मिळाल्यावर राजाच्या शयनगृहात पुन्हा माणूस होतो. उत्तर युरोपातल्या जुन्या नॉर्स कथांत बापलेक लांडग्याची कातडी पांघरतात. जर्मनीत कोलोनजवळच्या बेडबुर्गचा पीटर श्टुंप याला 1589 मध्ये हालहाल करून मारलं. सैतानाने दिलेला कमरपट्टा बांधला की आपण लांडगा होतो, असा जबाब त्याच्याकडून छळ करून घेतला होता. पण शंभर वर्षांनी लिव्होनियात (आजचा लाटव्हिया-एस्टोनियाचा भाग) थीस नावाचा ऐंशीच्या पुढचा म्हातारा कोर्टात ठामपणे म्हणाला की आम्ही लांडगे देवाचे कुत्रे आहोत, पाताळात जाऊन चोरलेलं धान्य परत आणतो. त्याला फटके मिळाले. मला त्याची भूमिका करणारा नट एकदा बघायचा आहे.

जुन्या कथांतला माणूस असा पुरता चार पायांचा लांडगा होतो. दोन पायांवर चालणारा केसाळ चेहरा हॉलिवूडचा. 1941 च्या चित्रपटासाठी जॅक पिअर्स या रंगभूषाकाराने याकचे केस तासन्‌तास चिकटवले होते. तुमच्याकडे दोन प्रवेशांमध्ये चार मिनिटं असतात. तेवढ्यात स्पिरिट गम, म्हणजे केस चिकटवायचा डिंक, वाळतही नाही आणि क्रेप, म्हणजे नकली केस, घामाने सुटतं. त्याऐवजी आमच्याकडची नकली लांडग्याची कातडी खांद्यावर घ्या किंवा केसाळ पट्टा प्रेक्षकांसमोर कमरेला बांधा. वीस सेकंदांत रूपांतर होतं, लोककथेलाही धरून होतं आणि भाडं पूर्ण चेहऱ्याच्या निम्मं.

सर्बियात तर ही दोन्ही भुतं एकच झाली आहेत. ‘वुकोडलाक’ म्हणजे ‘लांडग्याचे केस’, पण तिकडे हा शब्द व्हॅम्पायरलाही वापरतात. त्यामुळे संहितेत तो शब्द असेल तर आधी आम्हाला दाखवा.

आणखी एक नेहमीची मागणी : “वेताळाला हाच झगा चालेल ना? व्हॅम्पायरच तो.” नाही चालणार. वेताळपंचविशीच्या इंग्रजी रूपांतराला रिचर्ड बर्टनने 1870 मध्ये व्हॅम्पायरचं नाव दिलं, तिथून ही गल्लत वाढली. आपला वेताळ कोकणात आणि गोव्यात गावाचा राखणदार आहे. वेंगुर्ल्याजवळच्या आरवलीच्या वेतोबाला भक्त केळ्यांचे घड आणि भल्यामोठ्या चामडी चपला वाहतात. देव रात्री गावभर फिरतो, म्हणून त्या झिजतात अशी श्रद्धा आहे. पेटारही वहाणाच मागायला आला होता, पण त्याच्या भीतीने बायकोने गाव सोडलं आणि याच्या भरवशावर गाव झोपतं. वेताळासाठी वेगळा सेट आहे : धोतर, शेला, काठी आणि मोठ्या चपला.

बुकिंग करताना संहितेची पहिली चार पानं व्हॉट्सअॅपवर पाठवा आणि नटाची उंची, छाती व पायाचं माप कळवा. प्रयोगाच्या किमान पाच दिवस आधी नटाला घेऊन एकदा दुकानात या. अंगावर घालून, चार पावलं चालून बघा. कफन लांब असतं, पायात येतं. दुमडून टाके घालायला आम्हाला अर्धा तास लागतो, त्याचे पैसे घेत नाही.