डाइसचा फ्रेस्को आणि मक्लीसचं वॉटरग्लास

लंडनच्या संसद भवनात राजाची पोशाखाची खोली आणि रॉयल गॅलरी एकमेकींना लागून आहेत. पहिलीत विल्यम डाइसची आर्थर राजाच्या दंतकथांवरची चित्रं आहेत. दुसरीत डॅनियल मक्लीसची वॉटर्लू आणि ट्रफाल्गरच्या लढायांवरची दोन अजस्र चित्रं आहेत, प्रत्येकी सुमारे ४५ फूट लांब. दोन्हींना सरसकट ‘फ्रेस्को’ म्हणून मोकळं होण्याची पद्धत आहे, पण फ्रेस्को, म्हणजे ओल्या चुन्याच्या गिलाव्यावर रंगवलेली, फक्त पहिली. दुसरी वॉटरग्लासची, म्हणजे सुक्या गिलाव्यावर रंगवून वरून सिलिकेट मारलेली. लांबून फरक कळत नाही, कारण तेलरंगाची चकाकी दोन्हींत नाही आणि रंग भिंतीतच मुरल्यासारखा दिसतो. मात्र तो रंग भिंतीला धरून कशामुळे राहतो, हे दोन्हींत वेगळं आहे. डाइसचं काम सोळा वर्षं का रेंगाळलं याचं उत्तरही तिथेच आहे.

डाइस मूळचा स्कॉटलंडमधल्या ॲबरडीनचा, जन्म १८०६ चा, वडील डॉक्टर. विशीत रोमला गेला आणि तिथे भित्तिचित्रांचं पुनरुज्जीवन करू पाहणाऱ्या जर्मन चित्रकारांच्या संगतीत राहिला. परतल्यावर एडिंबरोत पोटासाठी व्यक्तिचित्रं केली. १८३७ मध्ये तिथल्या ट्रस्टीज अकॅडमी या कलाशाळेत शिकवू लागला आणि त्याच वर्षी चार्ल्स हीथ विल्सनबरोबर कलाशिक्षणावर एक पत्रक छापलं. ते लंडनमध्ये इतकं वाचलं गेलं की १८३८ मध्ये सरकारी स्कूल ऑफ डिझाइनची सूत्रं त्याच्याकडे आली. ही शाळा सॉमरसेट हाउसमध्ये, रॉयल अकॅडमीने रिकाम्या केलेल्या दालनांत भरायची. पुढे तिचंच रॉयल कॉलेज ऑफ आर्ट झालं. प्रशिया, बव्हेरिया आणि फ्रान्समधल्या शाळा पाहून आल्यावर डाइसने ठरवलेला क्रम साधा होता: आधी सरळ रेघ आणि भूमिती, मग वक्ररेषा, मग वेलबुट्टी. कारखान्यासाठी नक्षी काढणाऱ्या मुलाला हेच लागतं, हा त्याचा आग्रह. १८४३ मध्ये त्याने ते पद सोडलं. (व्हिक्टोरिया अँड आल्बर्ट म्युझियममधला ‘डाइस संग्रह’ मात्र त्याचा नव्हे, अलेक्झांडर डाइस या त्याच्या चुलतभावाचा. ही गल्लतही नेहमीची.)

संसद जिथे भरायची तो जुना राजवाडा १८३४ मध्ये जळाला होता. नव्या इमारतीच्या भिंती रंगवायच्या कशा, हे ठरवायला १८४१ मध्ये राणी व्हिक्टोरियाचा पती प्रिन्स आल्बर्ट याच्या अध्यक्षतेखाली आयोग बसला आणि त्याचा कौल फ्रेस्कोकडे झुकला. हाउस ऑफ लॉर्ड्सच्या दालनातला पहिला फ्रेस्को डाइसचा, एथेलबर्ट राजाचा बाप्तिस्मा, १८४६. पुढच्याच वर्षी राणीच्या ऑस्बर्न हाउसमधल्या जिन्यावर समुद्रदेव नेपच्यूनचं चित्र. त्या काळच्या ब्रिटनमध्ये हे तंत्र त्याच्याइतकं हाताखालून गेलेला चित्रकार शोधूनही सापडला नसता.

फ्रेस्कोत डिंक नाही, सरस नाही, अंडं नाही. चिकटवण्याचं सगळं काम चुना करतो. कळीचा चुना पाण्यात विरवून तो महिनोन्‌महिने, जमल्यास वर्षानुवर्षं खड्ड्यात मुरवतात. कच्चा राहिलेला खडा भिंतीवर उशिरा फुलतो आणि चित्रातून टवका उडवतो, म्हणून ही घाई कोणी करत नाही. भिंतीवर आधी एक भाग चुना आणि दोन-तीन भाग वाळूचा खरबरीत थर देतात. तो वाळला की वरचा बारीक थर, जेमतेम तीन ते पाच मिलिमीटरचा, आणि तोही आज रंगवून होईल तेवढ्याच जागेवर. मूळ आकाराच्या कागदी आराखड्यावरून रेषा ओल्या गिलाव्यात टोकदार काडीने दाबतात, किंवा टोचलेल्या भोकांतून कोळशाची पूड झटकतात. मग फक्त पाण्यात कालवलेले रंग. गिलावा सुकताना विरलेला चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेतो आणि पृष्ठभागावर चुनखडीची पातळ पापडी धरतो. रंगाचे कण त्या पापडीत कायमचे अडकतात.

अडचणीही सगळ्या इथूनच येतात. हाताशी सहा ते आठ तास असतात. त्यानंतर लावलेला रंग वर नुसता बसतो आणि बोट फिरवलं की पुडीसारखा हाताला येतो. चुकलं तर खोडता येत नाही, तेवढा गिलावा खरवडून उद्या पुन्हा थापायचा. दिवसअखेर न रंगवलेला भाग आकृतीच्या कडेने तिरका कापून टाकायचा आणि दुसऱ्या दिवशीचा तुकडा त्याला बेमालूम जोडायचा. ओला रंग गडद दिसतो आणि वाळल्यावर बराच फिका पडतो. त्यामुळे कालच्या निळ्याशी आजचा निळा जुळवायचा तर आधी पाणी शोषणाऱ्या विटेवर किंवा खडूवर ठिपका देऊन वाळवून पाहावा लागतो. रंगही मोजकेच चालतात: गेरू, पिवळी काव, हिरवी माती, कोबाल्ट निळा, हाडांचा काळा आणि पांढऱ्यासाठी चुनाच. प्रशियन निळा चुन्यात मरतो, शिशाचा सफेदा कालांतराने काळा पडतो.

पोशाखाच्या खोलीचं कंत्राट डाइसला १८४८ मध्ये मिळालं: सात सद्गुणांची सात चित्रं, सहा वर्षं, वर्षाला ८०० पौंड. धर्म, औदार्य, सौजन्य आणि दया हे सद्गुण १८५४ पर्यंत भिंतीवर आले, आणि मग गाडी अडली. आता यातल्या एखाद्या सरदाराचं साखळीचं चिलखत जवळून पाहा. कडीत कडी अडकवलेली शेकडो वर्तुळं, प्रत्येकीला उजेडाची एक बाजू आणि सावलीची एक. तेलरंगात हे आठवडाभर निवांत करता येतं. इथे मात्र तळहाताएवढ्या चिलखतातच दिवस मावळतो. त्यात लंडनचा हिवाळा. गारठ्यात आणि दमटपणात गिलावा नीट आवळत नाही, म्हणून थंडीचे महिने कामातून जवळपास वजाच. दरम्यान मार्गारेट स्ट्रीटवरच्या ऑल सेंट्स चर्चचे फ्रेस्कोही त्याने अंगावर घेतले. संसदेत विलंबाची बोंब झाली, पण डाइसला आळशी ठरवणाऱ्यांनी चौरस फूट मोजले, तास मोजले नाहीत. १४ फेब्रुवारी १८६४ रोजी तो गेला तेव्हा पाचवं चित्र, आतिथ्य, अर्धवट होतं. ते चित्रकार सी. डब्ल्यू. कोपने पुरं केलं. धैर्य आणि निष्ठा या दोन सद्गुणांची चित्रं झालीच नाहीत.

लंडनमध्ये फ्रेस्कोचा आणखी एक वैरी होता, कोळशाचा आणि गॅसबत्तीचा धूर. त्यातल्या गंधकाच्या वायूमुळे चुनखडीच्या पापडीचं जिप्सम होतं. जिप्सम जास्त जागा घेतं आणि पाण्यात थोडं विरघळतं, म्हणून पृष्ठभाग फुगतो आणि त्याचे पापुद्रे सुटतात. त्याच इमारतीतल्या कवींच्या दालनातले फ्रेस्को काही वर्षांतच असे खंगले. ऑल सेंट्समधले डाइसचेही बिघडले आणि १९०९ मध्ये त्यांच्या जागी निनियन कॉम्परने लाकडी फलकांवर नवी चित्रं केली. पोशाखाच्या खोलीतले मात्र टिकले.

मक्लीसला फ्रेस्को येत नव्हता असं नाही. लॉर्ड्सच्या दालनात त्याने दोन केले होते. पण वॉटर्लूच्या रणांगणावरची गर्दी, घोडे आणि गणवेशांची बटणं तुकड्यातुकड्याने रंगवणं अशक्य आहे, हे त्याला सुरुवातीलाच कळलं. काम सोडायला निघालेल्या मक्लीसला आल्बर्टने १८५९ मध्ये बर्लिनला वॉटरग्लासचं तंत्र शिकायला पाठवलं. म्युनिकच्या योहान फॉन फुक्सचं संशोधन त्याच्या मुळाशी होतं.

इथे क्रम नेमका उलटा. गिलावा संपूर्ण भिंतीवर एकदम होतो आणि पूर्ण वाळू दिला जातो. त्यात वाळू स्वच्छ व गारेची हवी आणि पृष्ठभाग शोषणारा. रंग पाण्यातच कालवायचे, भिंतीवर थोडं पाणी मारायचं आणि रंगवायचं. आज, उद्या, महिन्यानंतर, हवं तेव्हा. चूक ओल्या ब्रशने पुसता येते. या टप्प्यावर रंग भिंतीला धरलेला नसतोच. चित्र पुरं झाल्यावर वरून पातळ केलेलं पोटॅशियम सिलिकेट, म्हणजेच वॉटरग्लास, बारीक फवाऱ्याने, मध्ये वाळू देत, अनेकदा मारतात. ते आत शिरून घट्ट होतं आणि कण बांधतं. म्हणजे फ्रेस्कोत बांधणारा पदार्थ खालून येतो, वॉटरग्लासमध्ये वरून.

फवारा कमी पडला तर रंग भुकटीसारखा सुटतो. जास्त झाला तर वर काचेसारखं कवच बनतं, आतला थर मोकळाच राहतो आणि पुढे कवचासकट निघून येतो. शिवाय सुटणारे क्षार पांढरट धुरकट पडदा आणतात. मक्लीसने वॉटर्लू १८६१ मध्ये, ट्रफाल्गर १८६५ मध्ये संपवलं. दिवसागणिकच्या गिलाव्यात मावणार नाही इतका तपशील त्याने दोन्हींत भरला, पण रंग लवकरच मंद आणि मळकट झाले. वेग मिळाला, तजेला गेला. हा सौदा मला तरी महागच वाटतो.

भिंतीसमोर उभं राहून ओळखायचं तर बॅटरीचा उजेड एका बाजूने, भिंतीला जवळजवळ समांतर धरा. फ्रेस्कोत दिवसागणिकचे सांधे दिसतात, बहुधा डोक्याभोवती किंवा बाहीच्या कडेने, आणि दाबलेल्या रेषांच्या चरी. वॉटरग्लासचा पृष्ठभाग एकसंध, सांधा नाही. एक फसवणूक लक्षात ठेवा: फ्रेस्को वाळल्यावर काही ठिकाणी रंग अंड्यात किंवा दुधाच्या केसीनमध्ये कालवून दुरुस्ती करतात. सर्वांत आधी झडते ती हीच, आणि ठपका फ्रेस्कोवर येतो.

आपल्याकडे अजिंठ्यालाही ‘फ्रेस्को’ म्हणतात, पण अजिंठा या दोन्हींत बसत नाही. तिथे तूस आणि तंतू मिसळलेल्या मातीच्या गिलाव्यावर पातळ पांढरा थर आहे आणि सुक्या पृष्ठभागावर चिकट पदार्थात कालवलेले रंग. म्हणून तिथे पाण्याचा बोळा फिरवायचा विचारही करू नये. सुस्थितीतला फ्रेस्को शुद्ध पाण्याच्या ओलसर बोळ्याने जपून पुसता येतो. वॉटरग्लासवर मात्र आधी कोपऱ्यात, नखाएवढ्या जागी कोरडा कापूस टेकवून पाहतात. कापसाला रंग लागला तर साफसफाई थांबवून आधी रंग पक्का करावा लागतो.