लोहखनिज गेलं, पाणी आलं: मुरगाव बंदर आणि बॅलास्टच्या संशोधनाची पार्श्वभूमी

गोव्याच्या खाणींचा हिशेब नेहमी टनांत होतो. डिचोली, सत्तरी, सांग्याहून इतका माल निघाला, इतका बार्जमधून मांडवी-जुवारीने उतरला, इतका मुरगावहून चीनला किंवा जपानला गेला. २०१०-११ मध्ये ही निर्यात पाच कोटी टनांच्या पुढे होती. तो माल न्यायला येणारी जहाजं मात्र मोकळी येत नसत. त्यांच्या पोटात दुसऱ्या कुठल्या तरी बंदराचं पाणी असे. त्याचा हिशेब फार वर्षं कुणी ठेवला नाही.

रिकामं जहाज पाण्यावर उंच तरंगतं. पंखा अर्धा उघडा पडतो, वाऱ्याने जहाज कलतं. म्हणून तळाच्या आणि कडेच्या टाक्यांत पाणी घेतात, तेच बॅलास्ट. माल वाहणाऱ्या मोठ्या जहाजांत ते वजनक्षमतेच्या साधारण एक-तृतीयांश असतं. धक्क्यावर असो की बाहेर नांगरावर, खनिज आत पडायला लागलं की तितक्याच लयीत पंप हे पाणी समुद्रात सोडतात. एक-तृतीयांशाच्या ढोबळ हिशेबाने पाच कोटी टन खनिजामागे दीड कोटी टनांहून अधिक पाणी आलं. त्या पाण्यात शेवाळाच्या पेशी, शिंपल्यांच्या आणि खेकड्यांच्या अळ्या, जिवाणू असतात. टाकीच्या तळाच्या गाळात काही सूक्ष्मजीवांच्या सुप्त पुटिका (कठीण कवचात झोपी गेलेलं रूप) असतात आणि त्या वर्षानुवर्षं टिकतात.

शिडाच्या काळात बॅलास्ट म्हणून दगड आणि वाळू भरत. पोलादी जहाजं आली तसं १९व्या शतकाच्या अखेरीस पाणी वापरात आलं, आणि थोड्याच वर्षांत खूण सापडली: १९०३ मध्ये आशियातलं एक डायटम (एकपेशीय सूक्ष्म शेवाळ) उत्तर समुद्रात भरभरून वाढलेलं दिसलं. ते बॅलास्टमधून आलं असावं हा तर्क तेव्हाच झाला होता. टाक्या उघडून नमुने घ्यायला मात्र १९७०चं दशक उजाडलं. तो अभ्यास ऑस्ट्रेलियात, जपानहून लाकडाचे तुकडे न्यायला आलेल्या जहाजावर झाला. हा योगायोग नव्हे. कच्चा माल निर्यात करणाऱ्या देशालाच हे पाणी सर्वाधिक मिळतं, आणि गोवा याच गटातला.

भारतातही उदाहरण होतं. कॅरिबियनकडची काळ्या पट्ट्यांची छोटी शिंपली, मायटिलॉप्सिस सॅली, १९६७ च्या सुमारास विशाखापट्टणमला आणि पुढे मुंबईला आढळली. १९९९ मध्ये तीच ऑस्ट्रेलियात डार्विनच्या नौकाधक्क्यांत शिरली. तिथे पाणी अडवणारे दरवाजे होते. ते बंद करून क्लोरीन आणि मोरचूद ओतलं आणि काही आठवड्यांत ती संपवली. मुरगाव जिथे आहे त्या जुवारी नदीच्या मुखाला दरवाजे नाहीत. मुरगावच्या शेजारी चिखलीच्या खाडीत जुन्या गोमंतकीय घरांच्या खिडक्यांना लावले जाणारे चपटे पारदर्शक शिंपले आहेत, खडकांवर शिनाणे (खडकाला चिकटून राहणारे शिंपले) आहेत. परका जीव इथे एकदा रुजला की तो काढता येत नाही. म्हणून सारा भर तो येण्याआधी अडवण्यावर हवा.

१९९२च्या रिओ परिषदेच्या कार्यक्रमपत्रिकेत बॅलास्टच्या नियमांचा उल्लेख आला. आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने १९९३ आणि १९९७ मध्ये ऐच्छिक मार्गदर्शक तत्त्वं काढली. पण मोजमाप नसलेल्या बंदराला नियम लावणार कसा? यातून २००० ते २००४ चा ‘ग्लोबॅलास्ट’ कार्यक्रम उभा राहिला. त्यात ब्राझील, चीन, भारत, इराण, दक्षिण आफ्रिका आणि युक्रेन हे सहा देश होते. पैसा जागतिक पर्यावरण निधीतून आला. भारताचं बंदर मुंबई ठरलं आणि तिथलं पायाभूत जैविक सर्वेक्षण दोनापावलच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने केलं. हीच संस्था १९६६ मध्ये आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहिमेतून जन्मली होती, त्यामुळे परदेशी पथकांबरोबर एका पद्धतीने नमुने घेण्याची सवय तिच्या मुळातच होती.

पद्धत ऑस्ट्रेलियन तज्ज्ञांची. धक्क्याच्या खांबावर अर्धा, तीन आणि सात मीटर खोलीवर ठरावीक मापाची चौकट लावायची, आतलं सगळं खरवडून पिशवीत घ्यायचं. तळाचा गाळ, पाण्यातले प्लवक (प्रवाहाबरोबर वाहणारे सूक्ष्म जीव), पुटिकांसाठी गाळाचे उभे नमुने वेगळे. कागदावर हे सोपं आहे. मुंबईचं पाणी गाळाने गढूळ, भरती-ओहोटीत चार-पाच मीटरचा फरक. पाणबुड्याला चौकट दिसणंही कठीण. त्याहून अवघड काम ओळख पटवण्याचं. अनेक जीव इतक्या जुन्या काळापासून जहाजांबरोबर फिरताहेत की ते मूळचे कुठले हे सांगताच येत नाही. त्यांना ‘अज्ञातमूळ’ म्हणून वेगळं नोंदवतात. आमच्या मते या सर्वेक्षणांचं खरं मोल याच प्रामाणिक रकान्यात आहे. पुढे हेच काम नौवहन महासंचालनालयाबरोबर मुरगावसह देशातल्या इतर मोठ्या बंदरांकडे गेलं.

१३ फेब्रुवारी २००४ रोजी बॅलास्ट पाण्यावरचा आंतरराष्ट्रीय करार मंजूर झाला. अंमलात आला ८ सप्टेंबर २०१७ रोजी, कारण ३० देश आणि जगातल्या जहाजांच्या ३५ टक्के टनभाराची अट पुरी व्हायला तेवढा वेळ लागला. भारतीय मंत्रिमंडळाने सामील होण्यास २०१५ मध्ये मंजुरी दिली होती.

करारात दोन पायऱ्या आहेत. पहिली अदलाबदल: किनाऱ्यापासून २०० सागरी मैलांवर, २०० मीटरहून खोल पाण्यात निदान ९५ टक्के बॅलास्ट बदलायचं, किंवा टाकीच्या तिप्पट पाणी आरपार पंप करायचं. खवळलेल्या समुद्रात टाकी रिकामी केली तर सांगाड्यावर घातक ताण येतो, आणि तळाचा गाळ तरीही तसाच राहतो. मुंबई-मुरगावसारख्या किनारी फेरीत तेवढं अंतर मिळतच नाही. दुसरी पायरी प्रक्रियेची. सोडलेल्या पाण्यात ५० मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) व त्याहून मोठे जिवंत जीव घनमीटरमागे दहापेक्षा कमी हवेत, १० ते ५० मायक्रॉनचे मिलिलिटरमागे दहापेक्षा कमी, कॉलरा, ई. कोलाय आणि आतड्यातल्या एंटेरोकोकाय जिवाणूंना वेगळ्या मर्यादा आहेत. ८ सप्टेंबर २०२४ नंतर करारातल्या जहाजांना हीच पायरी लागू आहे.

यंत्रणा म्हणजे गाळणी आणि पाठोपाठ अतिनील दिवे किंवा विजेने क्लोरीन तयार करणारा संच. पावसाळ्यात जुवारी लाल गढूळ होते तेव्हा गाळणी तुंबते आणि दिव्यांचा प्रकाश पाण्यात शिरत नाही. नदीच्या पुराने खारेपणा उतरला की मीठ कमी पडून क्लोरीनही पुरेसं बनत नाही.

ही अडचण आता मुरगावला थेट लागू आहे. पाणी घेताना प्रक्रिया करावी लागते, आणि खनिजाच्या काळात इथे जहाजं पाणी घेत नसत, सोडत. २०१२ मध्ये खाणी थांबल्या, २०१८ मध्ये पुन्हा थांबल्या, तशी बंदरात आयात कोळशाला जास्त जागा मिळाली. कोळसा उतरवून मोकळं झालेलं जहाज निघताना मुरगावचंच पाणी भरून घेतं, म्हणजे इथले जीव आता दुसऱ्यांच्या बंदरांत जातात.